नागपुरात वर्धा रोडवर कारने धडक दिली, पाय मोडला. फौजदारी खटल्याचा निकाल लागेपर्यंत भरपाईसाठी थांबावं लागतं का?

नाही, अजिबात थांबू नका. सिव्हिल लाइन्समधल्या जिल्हा न्यायालयात मोटार अपघात दावा न्यायाधिकरणाकडे आत्ताच अर्ज करा. मोटार वाहन कायद्याच्या कलम १६६ खालचा हा दावा स्वतंत्र असतो. फौजदारी खटल्यात निष्काळजीपणा निःसंशय सिद्ध करावा लागतो, इथे ‘तसं झालं असण्याची शक्यता जास्त’ एवढं पुरतं. चालक, मालक आणि विमा कंपनी, तिघांनाही सामनेवाले करा. १ एप्रिल २०२२ पासून कायद्यात अपघातापासून सहा महिन्यांची मुदत आहे, तिला शेवटचा दिवस समजूनच चाला. सोबत हे जोडा:

- एफआयआर, घटनास्थळ पंचनामा
- डिस्चार्ज कार्ड, एक्स-रे, औषधांची मूळ बिलं
- पगारपत्रक किंवा आयकर विवरणपत्र
- गाडीचं आरसी आणि विम्याचा तपशील (पोलीस ठाण्यातून मिळतो)

अनेक दावे अडतात ते अपंगत्वावर. मेडिकलमधून (शासकीय वैद्यकीय महाविद्यालयाच्या रुग्णालयातून) अपंगत्वाचं प्रमाणपत्र आणलं की झालं, असं लोक समजतात. पण ते देणाऱ्या डॉक्टरांची साक्ष झाली नाही तर त्याचं वजन घटतं. शिवाय पायाचं अपंगत्व ३० टक्के म्हणजे कमाईचं नुकसानही ३० टक्केच, असं नसतं. सर्वोच्च न्यायालयाने २०१० च्या राजकुमार विरुद्ध अजयकुमार निकालात हा फरक स्पष्ट केलाय: दिवसभर उभं राहणाऱ्या गवंड्याचं नुकसान टेबलावर बसणाऱ्या कारकुनापेक्षा कितीतरी जास्त धरलं जाऊ शकतं. म्हणून तुमचं काम नेमकं काय, हे पुराव्यात आणाच. मात्र अपघातात तुमचीही चूक ठरली, समजा राँग साइडने येत होतात, तर तेवढ्या टक्क्यांनी रक्कम कापली जाते.