नाग चावला की पापण्या जड का होतात, नसेतला करंट बंद पडतो का?
नाही ओ, करंट चालूच असतो. नसेच्या पेशीच्या आत बाहेरच्यापेक्षा व्होल्टेज साधारण 70 मिलिव्होल्ट कमी असतं, सिग्नल आला की चॅनल (पेशीच्या आवरणातली बारीक दारं) उघडून सोडियम आत घुसतं नि व्होल्टेज पलटी होऊन +30 च्या आसपास जातं, मग पोटॅशियम बाहेर पडून सगळं पूर्ववत, आणि हेच पुढं पुढं सरकत राहतं. पण नस आणि स्नायू यांच्यात बारीक फट आहे, तिथं ॲसिटिलकोलीन नावाचं केमिकल पलीकडं जाऊन स्नायूला चिकटतं तेव्हा तो हलतो. नागाचं विष नेमकी ती चिकटायची जागाच अडवतं! मण्यारचं तर नसेचं टोकच खराब करतं, त्यात चावल्यावर फारसं दुखतही नाही. म्हणून स्नायू ढिले पडतात, आधी पापण्यांचे, नंतर श्वासाचे. शिराळा भागात शेतात रात्री कुणाला असं वाटलं तर मांत्रिक अजिबात नको, थेट सरकारी दवाखाना गाठा, ॲन्टीव्हेनम (सापाच्या विषावरचं औषध) तिथं मिळतं.