दावा गैरहजेरीत निघाला असेल तर नकलेची वाट बघू नका

तुमची पोस्ट वाचली आणि माझेच दिवस आठवले. वडिलांचा साठेखताचा दावा, ‘तारीख पडली की कळवतो’ म्हणणारे वकीलसाहेब, आणि दावा निघाल्याचं, म्हणजे आम्ही गैरहजर म्हणून कोर्टाने तो काढून टाकल्याचं, कळतंय थेट समोरच्या पार्टीकडून. तुमचाही दावा चार महिन्यांपूर्वी असाच गैरहजेरीत निघालाय आणि तुम्ही विचारलंय, नवा दावा टाकू की जुनाच उघडून घेऊ?

मी वकील नाही, फक्त पोळलेला पक्षकार आहे. आधी रोजनामा, म्हणजे प्रत्येक तारखेला काय झालं याची कोर्टाची नोंद, बघा. त्या तारखेला प्रतिवादी किंवा त्यांचे वकील हजर होते का? दोन्ही बाजू गैरहजर असतील (दिवाणी प्रक्रिया संहिता, आदेश ९, नियम ३) तर दावा टाकायची मुदत शिल्लक असेपर्यंत नवा दावाही चालतो. पण ते हजर आणि तुम्ही नाही, असा नियम ८ खालचा हुकूम असेल तर त्याच कारणावर नवा दावा नाही. नियम ९ खाली अर्ज करून जुनाच उघडून घ्यायचा.

आता माझा गाढवपणा. मला अकराव्या दिवशी कळलं होतं, म्हणजे वेळ होता. नकलेच्या खिडकीवर सांगितलं, ‘सहीशिक्क्याची नक्कल जोडल्याशिवाय अर्ज घेत नाहीत.’ मी मान डोलावली. मग रेकॉर्ड खाली आलं नाही, झेरॉक्स बंद, नक्कल करणारे रजेवर, एकदा तर ‘तुमचा अर्जच सापडत नाही’. डबा घेऊन एसटीने यायचो आणि तोच डबा घेऊन परत. नक्कल हातात पडली बावन्नाव्या दिवशी.

दावा उघडून घ्यायच्या अर्जाला मुदत आहे ३० दिवसांची, आणि ती दावा काढल्याच्या तारखेपासून, तुम्हाला कळल्यापासून नाही. अपिलात नकलेसाठी गेलेले दिवस वजा होतात. या अर्जात ती सोय नाही, हे मला समोरच्या वकिलाने भर कोर्टात ऐकवलं. मग विलंब माफीचा वेगळा अर्ज, त्याची नोटीस, नोटीस बजावणारा बेलिफ दोनदा ‘घर बंद’ लिहून परत. यातच अडीच वर्षं गेली. तेवढ्यात प्लॉट तिसऱ्याला विकला गेला, आता त्यालाही पक्षकार करा! खिडकीवरच्या त्या माणसाला कुणी विचारलं का?

म्हणून, ई-कोर्ट्स या कोर्टांच्या वेबसाइटवर सीएनआर नंबर (प्रत्येक केसचा वेगळा ओळख क्रमांक) टाकून हुकूम काढा, तोच जोडा, ‘नक्कल मागितली आहे, मिळताच दाखल करतो’ असं लिहा आणि अर्ज आत ढकला. तुमचे चार महिने झालेत, तेव्हा विलंब माफी सोबतच मागा. कळल्याची तारीख, वकिलांना केलेले फोन, मेसेज सगळं लावा. वकिलाच्या चुकीची शिक्षा पक्षकाराला नको, असं सुप्रीम कोर्टाने १९८१ मध्ये रफिक खटल्यात म्हटलंय खरं, पण ‘तुम्ही स्वतः काय चौकशी केली?’ हा प्रश्न येतोच. आजारपणाचं खोटं सर्टिफिकेट मात्र लावू नका. कॉस्ट (कोर्टाने भरायला लावलेला खर्च) बसली तर मुकाट भरा.

चेक बाउन्सच्या केसला हे लागू नाही. तिथे फिर्यादी गैरहजर म्हणून आरोपी सुटला तर तेच कोर्ट केस पुन्हा उघडत नाही, वरच्या कोर्टात जावं लागतं.

आणि हो, या अर्जाच्या तारखांनाही स्वतः जा. तोसुद्धा गैरहजेरीत निघतो. आमच्या मावसभावाचा निघालाय.