कोंगो: राज्य की नुसत्या टोळ्या?

पोर्तुगीज येण्याआधी मध्य आफ्रिकेत टोळ्याच होत्या, तिथल्या कोंगोला (आजच्या अंगोलाचा उत्तर भाग आणि आसपासचा मुलूख) 'राज्य' कशाला म्हणायचं, असं तुम्ही विचारलंय. मी आधी एवढंच बघतो की चलन कोणाच्या हातात होतं.

कोंगोचं चलन म्हणजे न्झिंबू, बारीक समुद्री शंख. ते आजच्या अंगोलाच्या किनाऱ्यावरच्या लुआंडा बेटाजवळ मिळायचे. बायका पाण्यात बुडी मारून टोपल्यांत वाळू भरून आणायच्या, मग त्यातून शंख निवडले जायचे. बेट राजधानी म्बान्झा कोंगोपासून कितीतरी लांब, तरी मालकी थेट राजाची आणि देखरेखीला त्याचा माणूस. थोडक्यात, ती राज्याची टाकसाळच. सोयो, न्सुंडी, म्बाता अशा प्रांतांतून करही राजधानीत जमा व्हायचा. पोर्तुगीज दर्यावर्दी दियोगो काऊं १४८३ साली कोंगो नदीच्या मुखाशी पोचला (वास्को द गामा कालिकतला उतरण्याच्या पंधरा वर्षं आधी!), तेव्हा ही घडी बसलेली होती.

आता दुसरं टोक, म्हणजे कोंगोला निव्वळ बळी मानणं. कोंगोचा राजा पहिला अफोन्सू याची १५२६ ची पत्रं हल्ली 'गुलामगिरीविरुद्धचा आवाज' म्हणून फिरवली जातात. पत्रं खरी आहेत, पण लोक ती अर्धीच सांगतात. जुलैच्या पत्रात तो पोर्तुगालच्या राजाला कळवतो की व्यापारी आमची स्वतंत्र माणसं, अगदी सरदारांची मुलं आणि माझे नातलगही, पळवतात. हा व्यापारच नको. ऑक्टोबरात मात्र वेगळा तोडगा काढतो: विकत घेतलेला माणूस खरोखर गुलाम आहे का, हे माझे अधिकारी तपासतील. युद्धकैदी तो स्वतःही विकत होता. त्याला खुपत होतं ते हे की परका माल परस्पर मांडलिकांकडे जातोय आणि त्याचा वचक सुटतोय. मला यात भाबडा बळी दिसत नाही, पक्का राज्यकर्ता दिसतो.

पुढे १६४८ मध्ये पोर्तुगिजांनी डचांकडून लुआंडा परत घेतलं आणि शंखांचं बेटही कोंगोच्या हातून गेलं. १६६५ मध्ये पोर्तुगिजांशी झालेल्या म्ब्विलाच्या लढाईत कोंगोचा राजा पहिला अंतोनिओ मारला गेला. मग गादीसाठी अशी भाऊबंदकी माजली की राजधानी ओस पडली. किंपा व्हिटा या तरुणीने लोकांना तिथे परत आणून वसवलं. १७०६ साली तिला पाखंडी ठरवून जाळलं. 'कोंगोचा राजा' ही नावापुरती उरलेली पदवी पोर्तुगिजांनी १९१४ च्या उठावानंतर रद्द केली.