आवाज गोड करू नकोस

प्रिय मित्रा,
अनेक आशीर्वाद.

दिग्दर्शकाने सांगितलेला सपाट सूर ऐकून तालमीत सहकारी हसले आणि तेव्हापासून तू तो गुपचूप मवाळ करत आणला आहेस, हे वाचून मला राग आला; तुझ्यावर थोडा, स्वतःवर अधिक. ‘या कामाने माझी प्रतिमा बिघडेल का’ या प्रश्नाला मी उत्तर देणार नाही. त्याऐवजी प्रेबेन लेरडॉर्फ रिये या डॅनिश नटाविषयी लिहितो, ज्याचे नाव सिनेमावेड्यांनाही चटकन आठवत नाही.

1943 च्या ‘डे ऑफ रॅथ’मध्ये कार्ल थिओडोर ड्रायर यांनी त्याला पाद्र्याच्या मुलाची भूमिका दिली, तरुण सावत्र आईच्या प्रेमात पडणारा आणि ऐन वेळी तिची साथ सोडणारा मार्टिन. तुम्हा सर्वांना हवी असते तशीच ती भूमिका होती. बारा वर्षांनी ‘ऑर्डेट’मध्ये त्याच दिग्दर्शकाने त्याला योहानेस दिला. धर्मशास्त्र शिकता शिकता भ्रमिष्ट झालेला हा शेतकऱ्याचा मुलगा स्वतःला येशू समजतो, मेणबत्त्या पेटवून खिडकीत ठेवतो आणि कोणाच्याही नजरेला नजर न देता उंच, एकसुरी, किरकिऱ्या आवाजात बोलत राहतो. पहिल्यांदा पाहताना मलाही हसू आले होते. रियेने मात्र तो आवाज कोठेही गोड केला नाही.

शेवटी वहिनी इंगरच्या शवपेटीपाशी योहानेस परततो तेव्हा तो भानावर आलेला असतो. छोटी पुतणी त्याचा हात धरते आणि तो साध्या, माणसासारख्या आवाजात बोलतो. त्या साधेपणाने अंगावर काटा येतो, कारण आधीचा सगळा वेळ त्याने आपल्याला तो नाकारलेला असतो. मधल्या एखाद्या प्रसंगात कणव मिळवण्यासाठी त्याने सूर जरा ओला केला असता, तर मेलेली इंगर जिवंत होऊन तिची बोटे हलताना आपण श्वास रोखून धरला नसता. चित्रपटाला व्हेनिसच्या महोत्सवात सुवर्णसिंह हा सर्वोच्च पुरस्कार मिळाला. रिये जगप्रसिद्ध झाला नाही. 1984 मध्ये लार्स फॉन ट्रायर यांच्या पहिल्या मोठ्या चित्रपटात तो पुन्हा दिसतो, तोही एका छोट्या भूमिकेत. यात तुला अपयश दिसत असेल, तर आपले जमणे कठीण आहे.

मला अशीच एक भूमिका मिळाली होती. तिसऱ्या प्रयोगाला मागच्या रांगेतून हशा आला आणि चौथ्याला मी आवाज गोड केला. टाळ्या पडल्या. दिग्दर्शक रंगपटात आले, माझ्या आरशासमोरचा दिवा मालवला आणि काही न बोलता निघून गेले. त्यांनी मला पुन्हा बोलावले नाही. घरी वडील अंथरुणाला खिळलेले होते आणि पुढची कामे टाळ्यांवरच मिळत, हेही खरे आहे. मी तेव्हा चुकलो असे सरसकट म्हणायला अजूनही माझी जीभ रेटत नाही. परंतु त्या चौथ्या प्रयोगातले माझे एकही वाक्य मला आज आठवत नाही, पहिल्या तिन्हींतली सगळी आठवतात.

तेव्हा सोमवारच्या तालमीत पहिल्या वाक्यापासून तोच सूर लाव. कोणी हसले तर हसू दे, थांबू नकोस. आणि कृपा करून आवाज गोड करू नकोस. झाल्यावर रात्री फोन कर, मी जागा असेन.