आठ कोअर घेतले, मग स्पीड कुठे अडकला?

प्रश्न: चार कोअरचा, म्हणजे प्रोसेसरमध्ये स्वतंत्र काम करणारे चार भाग असलेला, कॉम्प्युटर बदलून आठवाला घेतला. व्हिडिओ कन्व्हर्ट करायला आता जवळपास निम्माच वेळ लागतो, पण हिशोबाचा एक जुना प्रोग्रॅम आहे तो अजून पहिल्याइतकाच रखडतो. बघितलं तर एक कोअर फुल्ल बिझी आणि बाकीचे सात रिकामे! एवढे कोअर देण्यापेक्षा एकच दुप्पट फास्ट का नाही देत?

उत्तर: शेवटचं आधी घेतो. साधारण २००४ पर्यंत तोच धंदा चालू होता, गिगाहर्ट्झ (चिपची फ्रिक्वेन्सी, म्हणजे सेकंदाला किती ठोके) वाढवत न्यायचे. पण फ्रिक्वेन्सी वाढवायची तर व्होल्टेजही वाढवावं लागतं आणि पॉवर व्होल्टेजच्या वर्गाने वाढते, म्हणजे जरासा स्पीड मिळवायला चिप भट्टीसारखी तापणार. इंटेलने पेंटियम ४ प्रोसेसर रेटत ३.८ गिगाहर्ट्झपर्यंत नेला आणि ४ गिगाहर्ट्झचा बेत २००४ मध्ये गुंडाळला. म्हणून मग एका चिपवर जास्त कोअर बसवायचा रस्ता धरला; आयबीएमचा पॉवर४ प्रोसेसर तर २००१ मध्येच एका चिपवर दोन कोअर घेऊन आला होता.

आता तुमचा जुना प्रोग्रॅम. तो बहुतेक एकाच थ्रेडचा (सूचनांची एकच सलग रांग असलेला) असणार, आणि ऑपरेटिंग सिस्टीम थ्रेड या कोअरवरून त्या कोअरवर हलवू शकते पण त्याचे तुकडे काही करू शकत नाही, ते प्रोग्रॅम लिहिणाऱ्यानेच करायचं असतं. आणि केलं तरी आठपट मिळेल असं नाही. कॉम्प्युटर डिझायनर जीन अ‍ॅमडालने १९६७ मध्येच हे मांडलं होतं: कामाचा फक्त १० टक्के भाग एकामागून एकच होणारा असेल, तर ८ कोअरवर जेमतेम ४.७ पट स्पीड मिळतो, १६ वर ६.४, आणि कितीही कोअर लावा, १० पटीच्या पुढे नाहीच.

खरी गंमत मात्र कॅशमध्ये, म्हणजे कोअरजवळच्या झटपट मेमरीत, आहे, आणि जाहिरातीत हे कोणी सांगत नाही. प्रत्येक कोअरची स्वतःची छोटी कॅश असते, रॅम सगळ्यांची एकच. एका कोअरने डेटा बदलला की बाकीच्यांकडची कॉपी बाद करावी लागते, नाहीतर प्रत्येकजण वेगळाच आकडा धरून बसेल. हे हार्डवेअर आपोआप करतं, पण एकेका व्हेरिएबलचं नाही, अख्ख्या कॅश लाइनचं (कॅशमधला एक सलग तुकडा), जी बहुतेक प्रोसेसरमध्ये ६४ बाइटची असते. त्यामुळे दोन थ्रेड आपापला वेगळा काउंटर वाढवत असले तरी ते काउंटर मेमरीत शेजारीशेजारी पडले की ती लाइन दोन कोअरमध्ये सारखी इकडून तिकडे खेचली जाते आणि कधीकधी थ्रेड वाढवल्यावर प्रोग्रॅम उलट स्लो होतो! कोडमध्ये बघाल तर चूक काहीच दिसत नाही. सर्व्हरमध्ये दोन सॉकेट (प्रोसेसर बसवायच्या जागा) असले तर अजून एक भानगड, दुसऱ्या सॉकेटला जोडलेल्या रॅममधून डेटा आणायला जास्त वेळ जातो.

तुमच्यापुरतं म्हणाल तर मल्टीथ्रेडिंगवालं नवीन व्हर्जन आहे का बघा. नसेल, आणि फाइली एकमेकींवर अवलंबून नसतील, तर प्रोग्रॅमच्या तीन-चार कॉपी एकदम चालवून प्रत्येकीला वेगळी फाइल द्या. फक्त सगळ्या मिळून रॅम किती खातात त्याकडे लक्ष असू द्या, रॅम संपून डिस्कवर स्वॅप (रॅममधला डेटा डिस्कवर हलवणं) सुरू झालं की होती त्यापेक्षा वाईट गत.