चारचौघांत

प्रिय लेकीस,
अनेक आशीर्वाद.

रविवारी फोनवर आजी तुला "चारचौघांत आवाज चढवू नये" असे म्हणाली, आणि हे चौघे कोण, मराठी घरांत त्यांना एवढे का भ्यायचे, असे तू मला नंतर विचारलेस. चौघांचा पत्ता मलाही ठाऊक नाही. मात्र त्यांच्यासमोर मुद्दाम आवाज चढवून इंग्रज सरकारला फसवणारी एक बाई मला ठाऊक आहे.

हौसाबाई पाटील या क्रांतिसिंह नाना पाटलांच्या कन्या. त्यांचा जन्म १९२६ चा. आई लहानपणीच गेली, वडील चळवळीत, आणि सरकारने घर व जमीन जप्त केल्यावर आजीनेच नातीला वाढवले. पुढे १९४३ ते १९४६ या काळात, आजचा सांगली ज्यात मोडत असे त्या सातारा जिल्ह्यात प्रतिसरकार, म्हणजे इंग्रजांना समांतर असे क्रांतिकारकांचे भूमिगत सरकार, चालले, तेव्हा त्याच्या तूफान सेना या सशस्त्र दलाबरोबर हौसाबाईही रेल्वेगाड्या, खजिने आणि डाकबंगल्यांवरील हल्ल्यांत सामील होत्या.

या सेनेला बंदुका हव्या होत्या आणि त्या भवानीनगरच्या पोलीस ठाण्यात होत्या. मग ठाण्यासमोरच एक नवरा आपल्या बायकोला बडवू लागला, ती ओरडू लागली, आणि त्याने तिच्या डोक्यात घालायला मोठा धोंडा उचलला तसे पोलीस भांडण सोडवायला बाहेर धावले. ती बायको म्हणजे हौसाबाई, नवरा म्हणजे एक कार्यकर्ता. आणि पोलीस समजूत घालत असताना बाकीचे साथी आतल्या बंदुका घेऊन पसार झाले. मला या गोष्टीचे हसू येते, पण पुरते येत नाही, कारण रस्त्यात मार खाणारी बायको त्या काळी कोणालाच नवलाची वाटत नव्हती, आणि म्हणूनच हे सोंग वठले. हौसाबाईंची तक्रार मात्र निराळी होती: त्या तोतया नवऱ्याने खरोखरच जोरात मारले, हे त्या म्हातारपणीही सांगत असत.

१९४४ मध्ये त्या गोव्याला गेल्या, पोर्तुगिजांच्या तुरुंगातील बाळ जोशी या साथीदाराला त्याची बहीण म्हणून भेटल्या, आणि सुटकेचा बेत लिहिलेली चिठ्ठी त्यांनी अंबाड्यात लपवून आत नेली. परतताना मांडवी आडवी आली आणि नाव मिळेना. विहिरीत पोहणे त्यांना येत होते, पण वाहत्या नदीचे पात्र ही वेगळी गोष्ट. तेव्हा मध्यरात्री एका लाकडी पेटीवर पालथे पडून त्या पलीकडे गेल्या आणि साथीदार बाजूने पोहत राहिले.

२०२१ मध्ये, वयाची ९५ वर्षे पूर्ण करून, त्या गेल्या. येत्या रविवारी आजीला भवानीनगरचा प्रसंग तूच सांग. सांगताना आवाज चढला तरी चालेल.

तुझी,
आई