काळ वाकवायचा की ताणायचा?

प्रश्न असा आहे : पुण्यात घडणाऱ्या एका विज्ञानकथेत सदाशिव पेठेतली गायिका स्वरांच्या बळावर काळ वाकवते, एका क्षणाचा तास करते. या काल्पनिक शास्त्राला 'ध्वनिकालवक्रीकरणशास्त्र' म्हटलं तर चालेल का?

व्याकरणात बसतं. समासात 'ध्वनि' ऱ्हस्व ठेवलात, तेही बरोबर. तरी मी हा शब्द घेणार नाही, आणि त्याची लांबी हे काही मुख्य कारण नाही.

'वक्री' हा शब्द आपल्या कानावर येतो तो पंचांगातून. शनी वक्री झाला म्हणजे तो उलटा चालताना दिसतो. त्यामुळे वाचकाला वाटेल की काळ मागे जातोय. तुमच्या कथेत तर तो लांबतोय. 'वक्रता' घ्यावी, तर तिच्यामागून आइन्स्टाइनचा 1915 चा व्यापक सापेक्षता सिद्धांत येतो. तिथे अवकाश-काल वक्र होतो तो वस्तुमान आणि ऊर्जेमुळे, गाण्यामुळे नाही.

मला 'ताणणे' हे क्रियापद फार योग्य वाटतं. संस्कृत 'तन्' धातूचा अर्थच ताणणे, पसरणे. त्यातूनच 'ताण' आला, गाण्यातली 'तान' आली आणि तंबोऱ्याच्या तारेला लागू पडणारा 'तंतू'ही आला. तुमच्या नायिकेचं सगळं सामान या एका धातूत आहे! म्हणून माझी सूचना : 'कालतान'. काळ ताणणारी तान. शब्द जोडूनच लिहा, नाहीतर 'काल तान घेतली' असं वाचलं जाईल. 'काळतान' मात्र नको; 'काळरात्र'सारखं अशुभ वाटतं.

काळ ताणणं हे ख्याल (रागसंगीतातला गायनप्रकार) ऐकणाऱ्याला नवीन नाही. सवाई गंधर्व महोत्सव पुण्यात 1953 पासून होतोय. तिथला नेहमीचा श्रोता अतिविलंबित, म्हणजे अगदी संथ लयीतला, एकताल कसा चालतो ते जाणतो. मात्रा (ताल मोजायची एककं) बाराच, पण एकेक मात्रा चार-पाच सेकंदांची, म्हणजे एक आवर्तन (तालाचा पूर्ण फेरा) जवळपास मिनिटभराचं. द्रुत, म्हणजे जलद, एकतालात त्याच बारा मात्रा काही सेकंदांत संपतात. तेराव्या शतकात शार्ङ्गदेवाने 'संगीतरत्नाकरा'त लयीची व्याख्या केली आहे : क्रियेनंतरची विश्रांती म्हणजे लय. विलंबितात ठोका लांबत नाही, दोन ठोक्यांमधली जागा लांबते. तुमच्या शास्त्राचा मूळ सिद्धांत इथे आयता मिळतो : नायिकेने स्वर ताणायचा नाही, दोन क्षणांमधली विश्रांती ताणायची. माझ्या मते कथेतली सगळ्यात सुंदर गोष्ट हीच ठरेल.

आता 'शास्त्र' की 'विद्या'? विद्यापीठातला विभाग असेल तर 'कालतानशास्त्र'. गुरूसमोर बसून, वर्षानुवर्षं रियाज करून मिळवायची असेल तर 'कालतानविद्या', धनुर्विद्येसारखी. पेठेतल्या गायिकेला दुसरा शब्द शोभेल.

संवादात मात्र हे जोडशब्द कमी वापरा. 'तिने काळ ताणला', 'ताणलेला काळ सोडला', 'आता फार ताणू नकोस, तुटेल' अशी वाक्यं मराठीत सहज बसतात. आणि शेवटी काळ पूर्ववत होतो त्या जागी 'काळ सरळ झाला' लिहू नका, 'काळ समेवर आला' लिहा; सम म्हणजे आवर्तनाची पहिली मात्रा, जिथे गाणं फिरून परत येतं.